हार्लन मॉटची मान

सकाळी कौमुदीने वरच्या फळीवरचा पोह्यांचा डबा काढायला हात उचलला आणि टेबलाशी दूध पीत बसलेल्या उर्जाने मान फिरवली. एवढंच झालं. हनुवटी खांद्याकडे गेली, डोळे मिटले, डावा खांदा कानापर्यंत वर आला, आणि मग काहीच घडलं नाही म्हणून सगळं परत जागेवर आलं. उर्जाने दुधाचा पुढचा घोट घेतला. शेगडीपाशी सासूबाई कांदा परतत होत्या, नवरा कपिल बूट घालता घालता फोनवर फेरीबोटीची वेळ बघत होता, खिडकीबाहेर हॅम्बर्गचा रोजचा बारीक पाऊस होता. आठ वर्षांच्या मुलीने काय केलं ते दोघांपैकी कोणी पाहिलं नव्हतं. कौमुदीने पाहिलं. नुसतं पाहिलंच नाही, तर त्याच क्षणी तिच्या स्वतःच्या मानेतला, कानाखालून खांद्याकडे उतरणारा स्नायू ओढला गेला. गर्दीत एका शरीराने दुसऱ्या शरीराला ओळखावं तसा.

“अगं, डबा देतेस ना? कांदा करपेल,” सासूबाई म्हणाल्या.

कोणीतरी हिला मारतं. हे वाक्य कौमुदीच्या मनात पूर्णविरामासकट आलं. शंका आली की तिच्यासोबत दुसऱ्या दहा शक्यता येतात, हे तसं नव्हतं. हे काट्याने आकड्यावर येऊन थांबावं तसं होतं. एस-बान लोकलमध्ये उभी असताना तिने ते वाक्य पुन्हा पुन्हा तपासलं आणि ते हललं नाही. मार खाणारी मान तिला माहीत होती. तिचे वडील, यशवंतराव, साखर कारखान्यात मुख्य केमिस्ट होते. कॉलनीत त्यांना लोक देवमाणूस म्हणत, कारण ते कोणाशी आवाज चढवून बोलत नसत. घरातही चढवत नसत. दारामागे खिळ्याला गॅसच्या बर्नरची तांबडी रबरी नळी टांगलेली असे, कारखान्याच्या प्रयोगशाळेतून आणलेली. चूक झाली की ते चष्मा काढून टेबलावर ठेवत, घडी घालून, आणि मग नळी उतरवत. नळी हवेतून येताना एक बारीक शीळ वाजे. तिच्या मांडीवर जो वळ उठे तो दुहेरी असे, दोन लाल रेषा आणि मध्ये पांढरा पट्टा. मधली जागा दाबली जाते आणि रक्त दोन्ही कडांना पळतं म्हणून तसं होतं, हे तिला पुढे कळलं आणि कळल्यावर जरा बरं वाटलं. आई स्वयंपाकघरात नळ सोडत असे, आवाज बाहेर जाऊ नये म्हणून. मारणं म्हणजे काय, हे कौमुदीला असं माहीत होतं. त्याचं माप तिच्या मांडीवर होतं, आणि तिने जर्मनीत गार्चिंगला डॉक्टरेट करताना, पहिल्या बर्फात एकटी चालताना, आणि पुढे हॉस्पिटलमध्ये ओली, निळसर उर्जा छातीवर घेतली तेव्हाही, मनाशी पक्कं ठरवलं होतं की ती नळी या मुलीपर्यंत येणार नाही. आणि आता ती आली होती. कोणाच्या तरी हातात होती. त्या हाताचं काय करायचं हे तिला डब्यातल्या लोकांच्या ओल्या कोटांमध्ये उभं राहून फार स्पष्ट दिसत होतं: बोटं एकेक करून मागे वाकवायची, आवाज येईपर्यंत.

तिची कंपनी शहरातल्या अल्टोना भागात एका जुन्या गोदामात होती. जुन्या चित्रपटांच्या फिती तिथे धुवून, वाळवून, संगणकात घेऊन स्वच्छ केल्या जात. फिती कुजायला लागल्या की व्हिनेगरसारखा वास येतो. तो वास का येतो आणि कसा थांबवता येतो यावर तिचा प्रबंध होता. या हिवाळ्यात तिच्या टेबलावर हार्लन मॉट होता. एका महोत्सवासाठी त्या नटाचे चित्रपट तयार करायचे होते. मूळ अमेरिकन प्रती कधीच जळून-कुजून संपल्या होत्या, पण जर्मनमध्ये डब केलेल्या प्रती एका बंद पडलेल्या वितरकाच्या तळघरात सापडल्या. त्यामुळे मॉट पडद्यावर मरताना कण्हत असे, तो आवाजही त्याचा नव्हता, बर्लिनच्या कोणा माणसाचा होता. मॉट कधीच नायक नव्हता. तो बारमागचा माणूस, शेरिफचा दुसरा शिपाई, टोळीतला तो एकजण, ज्याला पश्चात्ताप होतो आणि म्हणूनच जो आधी मारला जातो. नावांच्या यादीत पाचवा, सहावा. लांबट चेहरा, जरा मोठे कान, सभ्य डोळे. कोणी त्याला पाहायला तिकीट काढलं नसेल. पण मार खायला त्याच्यासारखा कोणी नव्हता. तो टेबलावरून पडे, जिन्यावरून पडे, पाणी प्यायच्या हौदात घोड्यांच्या पायांशी पडे. आधी डावा खांदा, मग कंबर, गुडघे सगळ्यांत शेवटी, आणि टोपी अशी सुटे की ती घरंगळत कॅमेऱ्याकडेच येई.

“ठोसा मारणारा ठोसा मारतच नाही,” तिचा सहकारी येन्स पहिल्या आठवड्यात म्हणाला होता. तो पूर्वी नाटकात काम करत असे. “आल्झो, म्हणजे बघ. मूठ गालापासून वीतभर लांबून जाते. कॅमेरा असा ठेवतात की ते अंतर दिसत नाही. ठोसा तयार करतो तो खाणारा. मूठ समोरून गेली की गेनाऊ, नेमकी त्याच क्षणी मान फिरवायची. नंतर फिरवली तर तो विनोद होतो.”

“आणि आधी फिरवली तर?”

“आधी?” येन्स हसला. “आधी फिरवणारा नट उपाशी मरतो.”

मॉट आधी फिरवत नसे. कौमुदीने त्याचे सुरुवातीचे चित्रपट फ्रेम-फ्रेम करून पाहिले होते. मूठ येताना तो तिच्याकडे बघत असे, पापणीसुद्धा न हलवता, एखादी चांगली बातमी येत असल्यासारखा, आणि मूठ नाकाच्या रेषेत आली की त्याचं डोकं बिजागरीवर बसवल्यासारखं फिरे. नायक मोठा होत असे तो मॉटच्या मानेमुळे. हे तिला आवडलं होतं. लहानपणी आपल्याला ही विद्या असती तर, असं तिच्या मनात येऊन गेलं होतं. नळी वीतभर लांबून गेली असती, आपण किंचाळलो असतो, बाबांचं समाधान झालं असतं, आणि मांडी कोरी राहिली असती.

त्या सकाळी तिच्यासमोर १९५१ चा एक गुन्हेगारी चित्रपट होता. गॅरेज, लोंबता दिवा, मॉट मोटारीच्या दाराला टेकलेला, समोर शर्टाच्या बाह्या दुमडलेला नायक. तिने फ्रेम पुढे ढकलल्या. मूठ आली. मॉट मुठीकडे नेहमीसारखा बघत होता. मूठ नाकाच्या रेषेत आली, आणि पुढच्या फ्रेममध्ये ती त्याच्या गालात होती. शेजारी नव्हती, आत होती. गालाचं मांस लाटेसारखं कानाकडे सरकलं होतं, एक डोळा अर्धा मिटून आत ओढला गेला होता, ओठ दातांवरून सोलल्यासारखा वर गेला होता. त्या पुढच्या फ्रेममध्ये तोंडाजवळ एक पांढरा ठिपका होता आणि संगणकाने त्याभोवती लाल चौकट आखली होती. चौकटीचा अर्थ धूळ. धूळ ओळखायचा नियम साधा आहे: जे आधीच्या फ्रेममध्ये त्या जागी नव्हतं आणि नंतरच्या फ्रेममध्ये त्या जागी नाही, ते चित्राचं नव्हे, कचरा आहे, ते पुसायचं आणि आजूबाजूच्या रंगाने जागा भरायची. आणखी एका फ्रेमनंतर ठिपका खाली, कॉलरपाशी होता. तिथेही लाल चौकट. बटण दाबलं असतं तर सगळं साफ झालं असतं.

“येन्स. हा दात आहे.”

येन्स खुर्ची सरकवत आला, त्याने पडद्याला नाक लावून पाहिलं. “नाइन, शक्य नाही,” तो म्हणाला. “त्यांनी हा शॉट ठेवला? दात पडलेला शॉट?” त्याने फ्रेम पुढे नेल्या. मॉट पडला, पण त्याच्या पद्धतीने नाही. आधी गुडघे गेले. पडलेल्या मॉटकडे वरून बघत नायकाने आपलं ठरलेलं वाक्य म्हटलं, बर्लिनच्या आवाजात, अगदी वेळेवर, आणि बाह्या खाली केल्या. “चांगला दिसतो ना,” येन्स म्हणाला. “म्हणून ठेवला. पुसू नकोस.”

तिने लाल चौकटी काढून टाकल्या. दुपारभर ती मॉटचे पुढचे चित्रपट बघत राहिली, जे तिला अजून सुरूही करायचे नव्हते. त्यानंतरच्या पहिल्याच चित्रपटात मूठ अजून खांद्यापाशीच होती आणि मॉटची मान फिरली होती. डोळे मिटलेले, डावा खांदा कानाशी. तिने तो तुकडा थांबवून ठेवला. अगदी तेच होतं, टेबल आणि दुधाचा पेला सोडला तर. एका खऱ्या ठोशाने त्या माणसाची विद्या गेली होती. दिग्दर्शकांच्याही ते लक्षात आलं असणार, कारण पुढच्या चित्रपटांत त्याला कॅमेऱ्याकडे पाठ करून मारलेलं होतं. मग खुर्चीला बांधून, डोकं मागून धरून, म्हणजे फिरवायला जागाच नाही. एकात डोळ्यांना फडकं. हळूहळू त्याचे संवाद गेले, मग नाव गेलं. सर्वांत शेवटच्या दोन-तीन चित्रपटांत दृश्य सुरू होतं तेव्हा तो आधीच मेलेला आहे: गटारात, गालिच्यावर, शवागाराच्या टेबलावर. त्या शवागारातल्या दृश्यात कोणी पोलीस अधिकारी त्याच्या तोंडावर चादर ओढायला हात पुढे करतो, आणि प्रेताच्या पापण्या घट्ट आवळल्या जातात. त्यानंतर मॉटचा चित्रपट नाही. प्रेताचंही काम त्याला जमेना. कौमुदी उठून धुलाईच्या खोलीत गेली आणि व्हिनेगरच्या वासात, नळ मोठा सोडून, तिने ओकून टाकलं.

आता तिला शोधायचं होतं. तिने ते तिला येत असलेल्या एकमेव पद्धतीने करायला घेतलं. उर्जाला विचारून उपयोग नव्हता. मार खाणारं मूल काय उत्तर देतं ते तिला ठाऊक होतं. शाळेत बाईंनी मांडीवरचं विचारलं होतं तेव्हा ती स्वतः म्हणाली होती, सायकलवरून पडले. तेव्हा विचारायचं नाही, बघायचं. ज्याचा हात वर गेल्यावर मान फिरेल तो हात. संध्याकाळी कपिल आल्यावर ती म्हणाली, “तो दिवा लुकलुकतोय, जरा बघ ना.” दिवा नीट होता. उर्जा त्याच्या खालीच जमिनीवर लेगो पसरून बसली होती. कपिलने तिच्या डोक्यावरून हात लांब केला, बल्ब पिळला. उर्जाने वरही पाहिलं नाही. “पप्पा, फोर्झिश्त, सांभाळून, माझा टॉवर,” एवढंच म्हणाली. कौमुदीला सुटका वाटायला हवी होती. त्याऐवजी ती कपिलच्या हाताकडे बघत राहिली. जाड मनगट, विमानाच्या पंखांच्या आराखड्यांवर पेन्सिल चालवणारा हात. नव्या प्रकल्पापासून तो दारं आपटत असे. एकदा जेवताना चमचा भिंतीवर फेकला होता. एका निरीक्षणाने काही सिद्ध होत नाही, तिने स्वतःला सांगितलं.

दुसऱ्या दिवशी तिने सासूबाईंना उर्जाचे केस विंचरायला बसवलं. मालिनीबाई साताऱ्याहून तीन महिन्यांसाठी आल्या होत्या. दुपारी होर्टमधून, म्हणजे शाळेनंतरच्या पाळणाघरातून, उर्जाला त्याच आणत आणि कौमुदी येईपर्यंत दोघी घरात एकट्या असत. हात फणीसकट वर जायचा, खाली यायचा, वर जायचा. उर्जा डोळे मिटून मांजरासारखी बसली होती. “काय गं, तुझ्या आजीकडून विंचरून घेताना बरी गप्प बसतेस,” सासूबाई म्हणाल्या, “एरवी तर घर डोक्यावर घेतेस.” उर्जा हसली. होर्टच्या दारात कौमुदी एकदा लवकर जाऊन काचेआड उभी राहिली. तिथल्या दाढीवाल्या तरुणाने निरोप देताना तळहात उंच धरला आणि उर्जाने उडी मारून त्यावर टाळी दिली. पोहण्याच्या शिक्षिकेने तिच्या टोपीचा पट्टा ओढून बसवला, शेजारच्या म्हाताऱ्याने तिच्या डोक्यावरून हात फिरवला. मान कुठेच फिरली नाही. आणि स्वयंपाकघरात कौमुदीने ताट काढलं, पडदा सरकवला, टेबलावरून मिठाकडे हात केला, की फिरत होती. प्रत्येक वेळी तिने ते टिपलं. माझ्यासमोर ती सैल पडते, तिने अर्थ लावला, माझ्यापाशी तिला सुरक्षित वाटतं म्हणून भीती माझ्यासमोर बाहेर येते. हा अर्थ तिला इतका पटला की तिच्या डोळ्यांत पाणी आलं. आणि त्या पाण्याबरोबर कपिलचा राग आला, कारण बाकी सगळे वजा केल्यावर तोच उरत होता. बाप. बाप दुसऱ्यांसमोर हात उचलत नाहीत, उचलत असतील तर चष्मा काढून, घडी घालून.

शनिवारी दुपारी ती पोळ्या करत होती. कपिल हॉलमधून आला, कपाटातून काहीतरी काढलं आणि कपाटाचं दार आपटलं. त्या आवाजाने तिच्या कानात शीळ वाजली.

“तू तिला मारतोस.”

“काय?”

“उर्जाला. तू मारतोस. कशाने मारतोस?”

कपिलला आधी ते वाक्य कळलंच नाही. मग त्याचा चेहरा विचित्र सैल पडला. “वेडबिड लागलंय का तुला? कोण बोललं असं?”

“कोणी बोलायला नको. मला कळतं. मी रोज तेच बघते. बाहेर तुझं नाव चांगलं आहे, हो ना? ऑफिसात सगळे ‘नेट’ म्हणतात तुला, भला माणूस. माझ्या बापालाही म्हणायचे. कुठे ठेवलीयेस? बेल्ट आहे की काय आहे?” ती त्याच्या अंगावर जात होती आणि तो मागे, फ्रीजपर्यंत. “माझ्या मुलीला हात लावलास तर ठार मारीन मी तुला. समजलं? हा हात तोडून एल्बे नदीत टाकीन.” तिच्या हातात लाटणं होतं, ते वर गेलेलं होतं, आणि पीठ तिच्याच डोळ्यांत उडत होतं. कपिलने दोन्ही तळवे तोंडासमोर धरले होते. तेवढ्यात तिला दिसलं की तो तिच्याकडे बघत नाहीये. तो तिच्या मागे, दाराकडे बघत होता. ती वळली. दारात, पाच-सहा पावलांवर, उर्जा उभी होती. इतक्या लांबून लाटणं तिच्यापर्यंत पोचणं शक्य नव्हतं. तिची मान खांद्यात गेलेली होती, डोळे मिटलेले, डावा खांदा कानाशी.

सासूबाई बाल्कनीतून आल्या त्या सरळ कौमुदीजवळ आल्या आणि तिच्या हातातलं लाटणं काढून घेऊन ओट्यावर ठेवलं. “उर्जा, बाळा, जा, आजीचा चष्मा शोध जा आतल्या खोलीत.” दार लागेपर्यंत त्या थांबल्या. “कपिलला कशाला बोलतेस?” त्या हळू आवाजात म्हणाल्या. “त्याने तिला आजवर बोट लावलेलं नाही.”

“मग कोणी लावलं? तुम्ही?”

“अगं, मी?” म्हातारीच्या तोंडावर हसू येता येता राहिलं. “मी माझ्या पोरांना बदडलंय चांगलं, विचार ह्याला. पण हिला कशाला? मला तर हिच्या बोलण्यातलं अर्धं कळत नाही, मी कशावरून रागावणार?” मग ओट्यावरचं पीठ बोटाने गोळा करत त्या म्हणाल्या, “मी बोलणार नव्हते. तुझं घर आहे. पण तू विचारतेसच म्हणून. बाथरूमचं दार लावून घेतेस तू सकाळी, पण आवाज येतो ना.”

कौमुदीला आठवायला काही करावं लागलं नाही. ते कुठे दडलेलंच नव्हतं. ते समोरच होतं, दुसऱ्या नावाखाली. सकाळची घाई, ओल्या केसांचा गुंता, “नीट उभी राहा,” उर्जाचं जर्मनमधलं उर्मट उत्तर, “मराठीत बोल, आईशी मराठीत बोलायचं,” पुन्हा जर्मन, आणि मग हात. चापट. ब्रश हातात असला तर ब्रशची पाठ, कानशिलावर, एकदा ओठावर, तेव्हा थोडं रक्त आलं होतं आणि तिने कापसाला थंड पाणी लावून टिपलं होतं. त्याला ती मारणं म्हणत नव्हती. मारणं म्हणजे नळी, मारणं म्हणजे दुहेरी वळ. तिच्या मोजपट्टीचा शून्यच तिथे होता आणि त्याच्या खालचं काही तिला दिसतच नव्हतं. सगळ्यांचे हात तिने वर करून पाहिले होते, आणि जो हात रोज ते निरीक्षण टिपत होता तो प्रयोगात धरलाच नव्हता. आणि प्रत्येक चापटीनंतर ती काय म्हणत असे तेही तिला ऐकू आलं, स्वतःच्या आवाजात, अगदी वेळेवर: चल, बूट घाल, उशीर होतोय. त्या गॅरेजमध्ये तिने इतके दिवस फक्त मॉटचा चेहरा पाहिला होता. आता तिला नायकाचा दिसला. त्यावर राग नव्हता, पश्चात्तापही नव्हता. फक्त पुढचं वाक्य होतं.

आतल्या खोलीत उर्जा पलंगावर बसली होती, आजीचा चष्मा हातात. कौमुदी दारातच खाली बसली, हात मांडीखाली घेऊन. “मी तुला मारते का?” तिने विचारलं.

उर्जाने चष्म्याच्या काड्या उघडल्या, मिटल्या. “नूअर आइन बिसशन,” ती म्हणाली. थोडंसंच. मग आईचा चेहरा बघून, तिला बरं वाटावं म्हणून, मोडक्या मराठीत: “दुखत नाही जास्त. मी शाळेत नाही सांगितलं. लीनाच्या आईला पण नाही सांगितलं, तिने ओठाचं विचारलं तर मी बोलली, रोलरवरून पडली.”

रविवारी घरात तीन माणसं एकमेकांना टाळत फिरत राहिली. कौमुदीने सांगितलं की ती समुपदेशन केंद्रात जाणार, पालकांसाठी असतं तिथे. कपिल उसळला. “कोणाला काय सांगणार तू? इथे कायदा काय आहे माहीत आहे ना? युगेंडआम्टला, त्या बालकल्याणवाल्यांना कळलं तर उद्या दारात येतील. पोरगी घेऊन जातील, मग बसशील पुरावे देत. थांबव ना तू. झालं. घरातल्या घरात थांबव.”

“बाबा पण दर वेळी थांबवायचे,” ती म्हणाली. “दर वेळी.”

“कौमुदी, मला भीती वाटते,” कपिल म्हणाला, आणि इतक्या वर्षांत तो हे वाक्य पहिल्यांदा म्हणत होता.

“मलाही,” ती म्हणाली. “मला माझी वाटते.”

मंगळवारी दुपारी ते तिघे गेले. केंद्र एका बेकरीच्या वर होतं, जिन्यात पावाचा वास. एका तरुण मुलीने उर्जाला शेजारच्या खोलीत चित्र रंगवायला नेलं, काचेतून तिचा पाठमोरा पिवळा स्वेटर दिसत होता. समोरच्या बाई साठीच्या असतील, आखूड पांढरे केस, सावकाश, स्वच्छ जर्मन, परक्या लोकांशी बोलायची सवय असलेलं. फोनवर कौमुदीने एवढंच सांगितलं होतं की मुलीला मार बसतो. बाईंनी पाणी दिलं, हवापाण्याचं बोलल्या आणि मग विचारलं, “घरात मुलीवर हात कोण उचलतं?” प्रश्न त्यांनी दोघांच्या मधल्या हवेत विचारला, पण नजर कपिलकडे गेली. जाड मनगटांकडे, दाढीकडे, खुर्चीत न मावणाऱ्या खांद्यांकडे. ती नजर वाईट नव्हती, सरावाची होती. कपिलने ती पाहिली. त्याने कौमुदीकडे वळून पाहिलं नाही. त्याची मान हळूहळू खाली गेली, त्याने घसा साफ केला, आणि तो काय बोलणार आहे हे तिला कळलं. तो ते बोलला असता. पुढे प्रश्न त्याला विचारले गेले असते, अटी त्याच्यावर आल्या असत्या, आणि ती शेजारी बसून पाण्याचा ग्लास धरून राहिली असती, सगळ्यांच्या सहानुभूतीत. एक पूर्ण श्वासभर कौमुदीने ते होऊ दिलं.

“इश,” ती जर्मनमध्ये म्हणाली. “मी. हा नाही, मी मारते.”

बाईंची नजर कपिलवरून निघाली आणि तिच्यापाशी आली. त्या नजरेत धक्का नव्हता, फक्त जागा बदलल्याची क्षणभराची शोधाशोध होती. शेजारच्या खोलीत उर्जा कुणालातरी जर्मनमध्ये सांगत होती की तिला अजून निळा हवाय.

“बरं,” बाई म्हणाल्या. “केव्हापासून?”

कौमुदीच्या तोंडाशी साखर कारखाना आला. तांबडी नळी, घडी घातलेला चष्मा, सोडलेला नळ, दोन लाल रेषा आणि मधला पांढरा पट्टा, सगळं क्रमाने, उत्तम जर्मनमध्ये, आयुष्यभर तयार असल्यासारखं. ते सांगितलं असतं तर त्या बाई पुढे झुकल्या असत्या, त्यांचा आवाज मऊ झाला असता. तिने ते गिळलं.

“ऑक्टोबरपासून,” ती म्हणाली, आणि कुठे, कशाने, किती जोरात, ते सांगू लागली.